सुटून आलेला माणूस



व्याख्यानमालेच्या चालकांनी मला विषय विचारला, तेव्हा माझे उत्तर ऐकून त्यांच्यापैकी एक तरुण गृहस्थ जरा घुटमळले. "वकीलसाहेब, लोक बायकामुलांसह ऐकायला येतात. उन्हाळ्याच्या संध्याकाळी तुरुंगाचा विषय थोडा जड होईल," असे त्यांनी मोठ्या अदबीने सुचविले. मी म्हणालो, तुरुंगावर मी बोलणारच नाही. भिंतीआड काय चालते ते सांगणारे पुष्कळ आहेत. मला बोलावयाचे आहे ते फाटक उघडून बाहेर आलेल्या माणसाविषयी. आणि हा माणूस बाहेर आल्यावर जातो कुठे? तो लोह्याच्या एस.टी. स्टँडवर उतरतो आणि आपल्या वाडीची वाट धरतो. तेव्हा विषय आपल्या गावातलाच आहे.

मी व्यवसायाने वकील. तीस-बत्तीस वर्षे नांदेड आणि कंधारच्या न्यायालयांत फौजदारी कामे चालविली. आमच्या धंद्यात आरोपीची ओळख फार थोड्या काळाची असते. अटक झाली की त्याचे नातेवाईक आमच्या ओसरीवर येऊन बसतात. जामीन, दोषारोप, साक्षी, उलटतपास, निकाल. शिक्षा लागली तर अपील, आणि अपील फेटाळले की फाईल दोरीने बांधून माळ्यावर जाते. तो माणूस पुढे कधी सुटला, सुटल्यावर कोठे गेला, याची नोंद कोणत्याही वकिलाच्या डायरीत नसते. माझ्याही नव्हती. ती मला उशिरा करावी लागली, आणि का करावी लागली तेच आज सांगावयाचे आहे.

तुरुंगातून सुटणे म्हटले की आपल्या मराठवाड्यातल्या जुन्या माणसांच्या डोळ्यांसमोर वेगळेच चित्र येते. १९४८च्या सप्टेंबरात हैदराबाद संस्थान मुक्त झाले, स्वामी रामानंद तीर्थ तुरुंगाबाहेर आले आणि त्यांच्यामागोमाग गावोगावचे सत्याग्रही घरी परतले. त्या सुटकेला हार होते, गुलाल होता. तुरुंगात काढलेली वर्षे हा त्या माणसांचा दागिना होता आणि त्यांच्या नातवंडांनीही तो मिरविला. तो मिरवावाच, त्यात गैर काही नाही.

पण हार पडलेल्या माणसालाही परतणे सोपे असते असे समजू नका. लोकमान्य टिळकांना १९०८ साली सहा वर्षांची शिक्षा झाली. मंडालेहून आणून १६ जून १९१४च्या रात्री त्यांना पुण्यात गायकवाडवाड्याच्या दाराशी सोडले. कोणाला आगाऊ खबर नव्हती; दारावरच्या माणसाने त्यांना प्रथम ओळखलेच नाही असे सांगतात. दुसऱ्या दिवसापासून दर्शनाला झुंबड उडाली हे खरे. पण ज्या घरात ते शिरले त्या घरात सत्यभामाबाई नव्हत्या. त्या दोन वर्षांपूर्वी, १९१२च्या जूनमध्ये, गेल्या होत्या, आणि ती बातमी त्यांना मंडालेच्या कोठडीत तारेने कळली होती. घरच्या माणसाचे जाणे दूर कोठडीत कळणे निराळे, आणि घरात पाऊल टाकल्यावर त्याची जागा रिकामी दिसणे निराळे. टिळकांजवळ 'केसरी' होता, राजकारण होते, आणि मंडालेत लिहिलेले 'गीतारहस्य' छापावयाचे होते. ते पुढच्याच वर्षी, १९१५ साली, प्रसिद्ध झाले. म्हणजे परतल्यावर हाती घ्यावयाला काम वाट पाहत होते. ज्याच्यासाठी कोणतेच काम वाट पाहत नाही अशा माणसाचे काय, हा माझा प्रश्न आहे.

त्या माणसाकडे वळण्याआधी एक आकडा सांगतो, कारण आपल्या मनात एक मोठा गैरसमज बसलेला आहे. २०२२ सालच्या अखेरीस भारतातल्या तुरुंगांत सुमारे ५ लाख ७३ हजार माणसे होती आणि त्यांतली ४ लाख ३४ हजार कच्चे कैदी होती. कच्चा कैदी म्हणजे ज्याचा खटला अजून संपलेला नाही असा. चारांतले तीन! यांतले कितीतरी पुढे निर्दोष सुटतात. पण गावाच्या चावडीवर "निर्दोष" आणि "शिक्षा भोगून आलेला" असे दोन रकाने नसतात. तिथे एकच रकाना असतो: "आत जाऊन आला."

आता माझ्या पक्षकाराची हकीकत. त्याचे नाव, गाव मी सांगणार नाही. तुम्हीही तर्क लढवू नका. लोह्यापासून फार लांब नाही एवढेच. २००७ साली बांधावरून भांडण झाले. आपल्याकडे बांधावरून किती संसार बुडाले याचा हिशेब कोणी ठेवला तर नांदेड-लातूरचा निराळा ग्रंथ होईल. वीतभर जमीन, समोर चुलतभाऊ आणि हातात कुऱ्हाड. माणूस गेला. सत्र न्यायालयात मी जीव तोडून भाषण केले, की हा मनुष्य स्वभावाने गुन्हेगार नाही, क्षणाचा राग आहे. शिक्षा जन्मठेपेची झाली, ती उच्च न्यायालयात कायम राहिली आणि तो औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, हर्सूल कारागृहात गेला.

जन्मठेप म्हणजे चौदा वर्षे असे आपण सर्रास म्हणतो. ते बरोबर नाही. जन्मठेप म्हणजे जन्मभर, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६१ सालीच महाराष्ट्रातून गेलेल्या एका प्रकरणात सांगून ठेवले आहे. खुनासारख्या गुन्ह्यात किमान चौदा वर्षे प्रत्यक्ष भोगल्यावाचून शासनाला माफी देता येत नाही, एवढाच त्या चौदाचा अर्थ. ही तरतूद १९७८ साली आली आणि नव्या संहितेतही ती आहे. चौदा पुरी झाली की फाटक आपोआप उघडत नाही. अर्ज जातो, अहवाल येतात, आदेश निघतो. माझ्या पक्षकाराला सोळा वर्षे लागली. २०२३च्या जून महिन्यात तो सुटला.

सुटल्याच्या दिवशी अंगावरचे कपडे, जमा झालेली मजुरी, गावापर्यंतचे भाडे आणि एक कागद घेऊन तो बाहेर आला. सोळा वर्षे उन्हातल्या ज्या रस्त्याची स्वप्ने पाहिली त्या रस्त्यावर तो उभा राहिला आणि त्याला रस्ता ओलांडता येईना. वाहने कोणत्या वेगाने येतात याचा अंदाजच मोडला होता. शेवटी एक शाळकरी पोर निघाले, त्याच्या मागोमाग तो पलीकडे गेला. एस.टी.त बसला, तर वाहक शेजारच्या बाईला अर्धे तिकीट देतो आणि याच्याकडून पूर्ण घेतो! याला वाटले, आपण तुरुंगातून आलो हे ओळखून वाहक फसवितो आहे. त्याच वर्षी मार्चपासून बायकांना अर्धे भाडे झाले होते, हे त्याला कोण सांगणार? तो सबंध प्रवासभर गप्प बसला.

या गोष्टी त्याने पुढे मला हसत हसत सांगितल्या. ज्या तो हसत सांगू शकला नाही त्या त्याच्या बायकोने सांगितल्या. तो दाराशी येऊन थांबे. दार नुसते लोटलेले असे, पण कोणी उघडीपर्यंत तो उभाच. सोळा वर्षांत त्याने स्वतःच्या हाताने एकही दार उघडले नव्हते. दार उघडणे हे दुसऱ्याचे काम आहे असे त्याच्या हाताने ठरवून टाकले होते. रात्री त्याला अंधारात झोप येईना, कारण बराकीत दिवा रात्रभर जळतो. शेवटी तिने ओसरीवर बल्ब लावून ठेवला. बराकी संध्याकाळीच बंद होतात, जेवणही उजेडी होते. त्यामुळे सूर्य मावळण्याआधी त्याला भूक लागे आणि मागण्याची लाज वाटे. पहाटे कोणी खाकरले की तो ताडकन उठून उकिडवा बसे. ती गिनतीची सवय. आणि सगळ्यांत बाईला जे लागले ते असे, की परसाकडे जायचे तरी तो तिला विचारी, "जाऊ का?"

बंधुभगिनींनो, तुरुंगात माणसाला त्रास होतो हे आपण जाणतो. पण तिथे त्याच्याकडून एक गोष्ट काढून घेतली जाते तिची आपल्याला कल्पना नसते. कधी उठावे, काय खावे, कोणाशेजारी निजावे, यांपैकी काहीही त्याला ठरवावे लागत नाही. ठरविण्याचा सराव गेला की तो परत येण्यास वेळ लागतो, जसा पाय प्लास्टरमधून काढल्यावर लागतो. पाय बारीक झालेला दिसतो म्हणून आपण त्या माणसाला सावकाश चालू देतो. हे बारीक होणे दिसत नाही, म्हणून घरचे म्हणतात, "हा वेडसर झाला," आणि गाव म्हणते, "बघा कसा खाली मान घालून चालतो, मनात काहीतरी आहे."

दुसरी बाजूही ऐका. तो गेला तेव्हा बायको पंचविशीची होती. सोळा वर्षे तिने शेत केले, दिरांशी भांडून पाणी घेतले, बँकेत अंगठ्याऐवजी सही करण्यास शिकली, सोयाबीन कोणत्या आडतीवर घालावे हे तिला कळू लागले. आणि आता घरात मालक आला. नांगरट कोणाच्या ट्रॅक्टरने करावी हे कोणी ठरवायचे? गाव म्हणते त्याने. शेत म्हणते तिने. ती बाई मला म्हणाली, "सायेब, ते आले याचा आनंद हाय. पर मला आता इचारून करायची सवय ऱ्हायली नाही." एकाला विचारल्यावाचून करवत नाही, दुसरीला विचारून करवत नाही, आणि दोघे एका चुलीपुढे बसलेले. तो गेला तेव्हा मुलगी दोन वर्षांची होती. अठरा वर्षांची ती पोर त्याला कोणत्याच नावाने हाक मारीना. "जेवायला वाढलंय," एवढेच म्हणे आणि भिंतीकडे पाही. बाबा म्हणावे तर ते नाव तोंडात बसलेले नव्हते.

कागदांचे हाल मी थोडक्यात सांगतो, कारण ते आपल्या परिचयाचे आहेत. देशातले पहिले आधार कार्ड २०१० साली आपल्याच राज्यात, नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावी दिले गेले. तेव्हा हा आत होता. आधार नाही म्हणून बँकेत खाते नाही, शिधापत्रिकेवरून नाव गेलेले, आणि बाप वारल्यावर सातबाऱ्यावर वारसांची जी नोंद झाली तिच्यात हा नाहीच. कायद्याने तो सुटला होता, पण कोणत्याही दप्तरात तो जिवंत नव्हता.

आणि ज्याचा माणूस गेला त्याचे घर? ते त्याच गल्लीत आहे. हा भाग टाळून या विषयावर बोलणारा माणूस मला प्रामाणिक वाटत नाही. ती बाईही सोळा वर्षे एकटी राहिली, तिनेही शेत केले, आणि तिच्या घरी कोणी सुटून येणार नव्हते. माझा पक्षकार तिच्या दारावरून जात नाही. ओढ्याच्या काठाने लांबचा फेरा घेऊन शेतात जातो; पावसाळ्यात ओढ्याला पाणी आले की घरी बसतो. हे बरोबर की चूक, मला विचारू नका. त्या बाईने क्षमा करावी असे सांगण्याचा अधिकार मला नाही, तुम्हालाही नाही. तिला हे तोंड रोज दिसू नये एवढे त्याला कळते, आणि त्याचे हे कळणे मी मोठे मानतो.

आता माझी गोष्ट. सुटल्यावर दीड-दोन महिन्यांनी तो नांदेडला माझ्या घरी आला. माझ्या ओळखीच्या एका संस्थेत रात्रीच्या राखणदाराची जागा होती, ती त्याला कोणाकडून तरी कळली होती. "सायेब, तुमचा शबुद पडला तर हुईल," म्हणाला. मी त्याला चहा दिला. "बघतो" म्हणालो. तो गेला, आणि मी उठून आतल्या खोलीत जाऊन कपाटाला किल्ली लागली आहे ना ते पाहून आलो. माझ्या पत्नीने ते पाहिले. ती काही बोलली नाही. बोलली असती तर बरे झाले असते. भर न्यायालयात "हा स्वभावाने गुन्हेगार नाही" असे गळा काढून सांगणारा मी! त्या भाषणाची फी मी घेतलेली आहे. त्या जागेसाठी मी शब्द टाकला नाही. तिथे चारित्र्याचा दाखला मागतील, अशी सबब मी स्वतःला सांगितली. ती सबब खोटी नव्हती, पण मी ती आधी शोधली आणि मग खरी आहे का ते पाहिले.

त्या दिवसापासून मी वाचावयास लागलो, चार ठिकाणी जाऊन पाहू लागलो. आणि लाज वाटावी अशी गोष्ट ही, की जे मी नव्याने शोधीत होतो ते आपल्या मुलखात केव्हाच करून पाहिलेले होते. माणदेशात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर म्हणून वसाहत आहे. १९३९ साली, आटपाडी औंध संस्थानात असताना, राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांच्या पाठिंब्याने ती उभी राहिली. कल्पना मॉरिस फ्रीडमन या पोलंडहून आलेल्या इंजिनियराची. भारतानंद नावाने तो गांधीजींच्या मंडळीत वावरत असे. भिंत नाही, कुंपण नाही. गंभीर गुन्ह्यांतले कैदी तिथे शेती करीत, आणि विशेष म्हणजे बायकामुले त्यांच्याबरोबर राहत. ही वसाहत आज राज्याच्या कारागृह विभागाकडे आहे. व्ही. शांतारामांचा १९५७ सालचा 'दो आँखें बारह हाथ' तुम्ही पाहिला असेल. त्याची कथा माणदेशच्याच ग. दि. माडगूळकरांनी लिहिली आणि तिचे बीज स्वतंत्रपुरात आहे. चित्रपटात जेलरच्या डोळ्यांचा प्रभाव दाखविला आहे, आणि पडद्यावर तो शोभतो. पण माझ्या मते स्वतंत्रपुराचे मर्म डोळ्यांत नाही, चुलीत आहे. संध्याकाळी माणूस स्वतःच्या चुलीपुढे बसतो, उद्या भाजी कोणती लावायची यावर बायकोशी वाद घालतो, पोराला शाळेत जा म्हणतो. ठरविण्याचा सराव शिक्षेच्या काळातच चालू राहतो. मग सुटका म्हणजे कड्यावरून उडी राहत नाही.

आपल्या मराठवाड्यात पैठणला खुले कारागृह आहेच. तिथेही कैदी शेतात राबतात, आणि तिथल्या माणसाला निदान आकाश आणि ऋतू ओळखीचे राहतात. माझ्या पक्षकाराला ते मिळाले नाही. त्याला रजाही धड मिळाली नाही. रजा हा शब्द ऐकून लोक चिडतात: "खुन्याला रजा कसली?" नियमांप्रमाणे कैद्याला संचित रजा आणि अभिवचन रजा असे दोन प्रकार आहेत. पहिली चांगल्या वागणुकीने साठते, दुसरी घरच्या अडचणीत मिळते. ही चैन नाही. परत येण्याची ती तालीम आहे. वर्षाकाठी थोडे दिवस घरी आला असता तर त्याला दोनशेची नोट ओळखू आली असती आणि पोरीच्या तोंडात "बाबा" बसले असते. पण समोरच्या घराचा विरोध, त्यावरून पोलिसांचा प्रतिकूल अहवाल, म्हणून अर्ज नामंजूर. विरोध करणाऱ्यांना मी दोष देत नाही. मात्र ज्याची तालीम आपण होऊ दिली नाही त्याने नाटकात चुकता कामा नये, असा आपला आग्रह असतो.

तशी थोडी थोडी कामे चालू आहेत. राज्यातल्या कारागृहांत 'गळाभेट' नावाचा कार्यक्रम होतो; त्या दिवशी मुले जाळीपलीकडून न बोलता बापाला प्रत्यक्ष बिलगू शकतात. १ मे २०२२पासून राज्य सहकारी बँकेने येरवड्याच्या कैद्यांसाठी 'जिव्हाळा' ही कर्जयोजना सुरू केली. पन्नास हजारांपर्यंत कर्ज, सात टक्के व्याज, फेड तुरुंगातल्या मजुरीतून. घरी मुलीची फी भरावयाची असते, वकिलाचे देणे असते (आम्हा लोकांचे देणे फार चिवट असते). आत बसूनही बापाने फी भरली, ही गोष्ट त्या घरात किती वर्षे बोलली जाईल! मुंबईत 'प्रयास' ही संस्था १९९०पासून सुटलेल्यांसाठी काम करते. जिल्ह्याला परिविक्षा अधिकारी असतो. पण तुमच्यापैकी कितीजणांनी त्यांची कचेरी पाहिली आहे? मी बत्तीस वर्षे वकिली करून पाहिली नव्हती.

एका गोष्टीची आठवण दिल्यावाचून राहवत नाही. सरकारने सोडले आणि गावाने सोडले नाही, असे एका माणसाचे होते तसे सबंध जमातींचेही झाले आहे. १८७१च्या कायद्याने इंग्रजांनी कित्येक जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरविल्या. सोलापूरच्या सेटलमेंटला तारेचे कुंपण होते आणि आतल्यांना हजेरी द्यावी लागे. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो कायदा गेला, कुंपण तुटले, माणसे 'विमुक्त' झाली. त्याला सत्तर वर्षे उलटून गेली. तरी आजही एखाद्या गावात चोरी झाली की पहिली जीप पारध्यांच्या पालावर जाते, आणि आपण ओट्यावर बसून म्हणतो, "तिथेच सापडेल."

माझ्या पक्षकाराचे पुढे काय झाले ते सांगतो आणि थांबतो; अध्यक्षांनी दोनदा घड्याळ पाहिले आहे.

त्याच हंगामातल्या माळेगावच्या यात्रेला तो गेला. खंडोबाचे दर्शन झाल्यावर जनावरांच्या बाजारात उगाच फिरत होता. पूर्वी त्याच्या घरी लाल कंधारीची जोडी असे. जनावरातले त्याला कळते आणि तुरुंगातही ते विसरले नव्हते. एका म्हाताऱ्याजवळ एक गोऱ्हा होता. याने त्याचे दात पाहिले, खांदा पाहिला, पाठीवरून हात फिरविला. म्हातारा म्हणाला, "पारख हाय तुला. कुठला तू?" याने गाव सांगितले. आणि मग, का कोण जाणे, न विचारता पुढचेही सांगून टाकले: मी सोळा वर्षे आत होतो, खुनाखाली होतो, जूनमध्ये सुटलो. म्हातारा थोडा वेळ तंबाखू मळीत राहिला. नंतर किंमत सांगितली. याच्याजवळ निम्मेही नव्हते.

"ऱ्हायलेले पाडव्याला दे," म्हातारा म्हणाला.

"आन् न्हाई दिले तर? तुमी मला वळकत न्हाई."

"आता सांगितलं की तूच."

आणि त्याने दावे याच्या हातात दिले. जामीन नाही, कागद नाही, चारित्र्याचा दाखला नाही. माळेगावाहून गोऱ्ह्याला घेऊन हा पायी निघाला आणि रात्री उशिरा घरी पोचला. बायको सांगते, त्या रात्री दार लोटलेले होते. एका हातात दावे होते; दुसऱ्या हाताने त्याने ते ढकलले आणि हाक मारून पोरीला कंदील मागितला. वीज गेलेली होती.

पाडव्याच्या आदल्या दिवशी तो पैसे घेऊन म्हाताऱ्याच्या गावी गेला. जाताना नांदेडला माझ्याकडे उतरला होता. चहा घेतला. राखणदाराच्या जागेचा विषय त्याने काढला नाही, आणि मीही काढला नाही.